अनीसाच्या खोलीतलं एक मिनिट

१

अकोल्याच्या जुन्या शहरात एप्रिलच्या दुपारी दोन वाजता कुत्रंही भुंकत नाही. चव्वेचाळीस डिग्रीत तोंड उघडायची ताकद कुणाच्या अंगात असते? दुकानांची शटरं अर्ध्यावर, आणि ऑटोवाले मोर्णा नदीकाठच्या लिंबाखाली सीटवर पाय वर करून झोपलेले. मुंबई-पुण्याचे आवाजाचे कलाकार म्हणे रात्री रेकॉर्डिंग करतात, रहदारी थांबल्यावर. अनीसाला ती भानगड नव्हती. तिच्या गल्लीत उन्हाळ्यातली दुपार रात्रीपेक्षा गप्प असायची.

दोन वाजले की ती आधी कूलर बंद करायची, मग पंखा, मग फ्रिज. घर एकदम मुकं व्हायचं आणि घाम फुटायला लागायचा. मग ती आईला सांगायची, "अम्मी, जातो मी कामाले."

खुर्शीदबी सुपारी कातरता कातरता म्हणायच्या, "जाय बाप्पा, मर. मी चहा ठेवतो तोवर."

यात शिवी काही नव्हती. अनीसाचा धंदाच मरण्याचा होता. अकरा वर्षांत तिनं कार्टूनमधल्या मावश्या केल्या, मालिकांमधल्या खाष्ट सासवा केल्या, आणि नंतर व्हिडिओ गेमची कामं आली. गेममध्ये बोलणं कमी आणि मरणं जास्त. एका पात्राचे चाळीस-चाळीस मरणाचे आवाज द्यावे लागतात. जळून मरायचं वेगळं, बुडून मरायचं वेगळं, उंचावरून पडताना किंकाळी लांबत न्यायची ती वेगळी. चार-पाच हजार वेळा तरी ती मेली असेल, आणि दर वेळी बाहेर येऊन चहा प्यायली.

सुरुवातीला ती हे काम बैठकीत बसून करायची. तेव्हा एकदा शेजारची तीन माणसं काठ्या घेऊन धावत आली होती. त्या दिवशी तिच्या बापानं, गयासुद्दीननं, आपली कापूस पिंजायची खोली तिला देऊन टाकली. पिंजारी माणूस तो. गाद्या-रजया भरण्यात जन्म गेलेला. त्यानं भिंतींना, छताला, दाराला जाड गाद्या शिवून लावल्या. दारावर बाहेरून झिरोचा लाल बल्ब बसवला. बल्ब लागला म्हणजे आत काम चालू. खुर्शीदबींनी इतक्या वर्षांत कधी लागल्या बल्बाचं दार उघडलं नाही. घराले आग लागली तरी मी आधी बल्ब इझू देईन, असं त्या आल्या-गेल्याला सांगायच्या. आणि त्या खोलीतून बाहेर कधी हूं की चूं आलं नाही. तेवढ्या गाद्या होत्या.

काम सुरू करण्याआधी अनीसा एक मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करायची. या धंद्याची ती रीतच आहे. कुठलीच खोली पूर्ण गप्प नसते, प्रत्येक खोलीची आपली एक शांतता असते. दोन वाक्यांच्या मधली जागा भरायला संकलकाला तीच शांतता लागते. मांडीवर हात, ओठ मिटलेले, श्वाससुद्धा हळू. अब्बा गेल्यापासूनच्या तीन वर्षांत हे एक मिनिट तिला सगळ्यात आवडायचं. खोलीतला कापसाचा वास तेवढा तिला भेटायला यायचा.

२

मार्चमध्ये वाक्याच्या शेवटी तिचा आवाज फाटायला लागला. जठारपेठेतल्या डॉक्टरीणबाईंनी नाकातून नळी घालून पडद्यावर दाखवलं. स्वरतंतूवर गाठ होती. ऑपरेशन अमरावतीला, एप्रिलअखेरीस.

"आवाज जाणार तर नाई ना, मॅडम?"

"आवाज राहील," बाई म्हणाल्या. "पण हाच राहील, असं मी लिहून देऊ शकत नाही. तोवर दिवसाला अर्धा तास बोला, तेही कामापुरतं. एरवी एक शब्द नको."

अनीसा रिक्षात बसून रडली. आवाज न काढता, कारण आता तेवढीही चैन नव्हती. तिचा चेहरा गल्लीतल्या भाजीवालीपलीकडे कुणी ओळखत नव्हतं. बाहेरच्या जगात ती म्हणजे तिचा आवाज, दुसरं काही नाही. आणि नेमकं आयुष्यातलं सगळ्यात मोठं काम हातात होतं. एका गेममधली विहिरीची राखणदारीण. खेळणारा दर वेळी मेला की विहिरीच्या तळाशी पडतो आणि ही बाई त्याला हाक मारून उठवते. "ऊठ. तुझी वाट पाहणारं कुणीतरी आहे." दोनशेवर वाक्यं आणि शेवटी मरणाचे आवाज. ऑपरेशनच्या आत पुरं करायचं, नाहीतर काम दुसऱ्या कुणाला जाणार आणि यापुढं तिचं नाव कुणी घेणार नाही.

घरात ती खुणांनी बोलायला लागली. बाहेरून आली की ताटलीवर दोनदा टकटक करायची. खुर्शीदबींना ते फार लागलं. लहानपणापासून या पोरीची सवय, गल्लीच्या तोंडाशीच "अम्मीऽ" म्हणून हाक मारायची, आणि खुर्शीदबींनी आतून "हो बेटा, आली!" म्हणायचं.

"दिवसातून एक डाव तरी अम्मी म्हण ना बेटा," त्या म्हणाल्या. "एका शब्दानं काय झिजते?"

अनीसानं हात जोडून नाही म्हटलं. तो एक शब्दही तिनं कामासाठी राखून ठेवला.

चूक झाली ती या गडबडीत. रोजच्या वाक्यांच्या फायलींना ती नंबर टाकून अमरावतीला शेखरभाऊंकडे पाठवायची. शेखरभाऊ म्हणजे डबिंगचे दिग्दर्शक; तिला या धंद्यात आणलं ते त्यांनीच. त्या दिवशी घामानं डोळे झोंबत होते, आणि सत्तेचाळीस नंबर तिनं भलत्याच फायलीला टाकला.

संध्याकाळी त्यांची व्हॉइस नोट आली. "अनीसा, सत्तेचाळीस नंबर कसा केला वो तू? अकरा वर्षं झाले तुह्यासंगं काम करून राह्यलो, असं कधी ऐकलं नाई. हेडफोन काढून गच्चीवर जाऊन उभा राह्यलो मी. मले बोलताच येत नव्हतं."

तिला आनंद झाला. मग कोणती फाईल ते पाहायला तिनं लॅपटॉप उघडला. सत्तेचाळीस म्हणून गेलं होतं ते शांततेचं मिनिट.

३

तिनं हेडफोन लावले. पहिली वीस सेकंदं काहीच नाही. मग एक श्वास. आत ओढलेला, सावकाश, मोठ्ठा, खूप खोल जागेत घेतल्यासारखा. आणि मग तिचा आवाज आला.

"ऊठ. तुझी वाट पाहणारं कुणीतरी आहे."

तिचाच होता. तिच्या 'ठ'वरचा दाब तिचा, 'पाहणारं'मधला किंचित वऱ्हाडी झोल तिचा, जो घालवायला शेखरभाऊंनी दोन वर्षं डोकेफोड केली होती. पण तो फाटलेला नव्हता. अकरा वर्षं तिनं जो आवाज डोक्यात ऐकला आणि जो तिच्या तोंडातून कधी पुरता बाहेर आला नाही, तो हा होता. विहिरीच्या तळाचा गारवा त्यात होता. ऐकून एखादा मेलेला माणूस खरंच उठून बसला असता.

अनीसा काही भोळीभाबडी नव्हती. तिनं एकेक कारण काढून पाहिलं. जुनं रेकॉर्डिंग खाली चिकटलं असेल? फाईल नवी होती, एक सलग. आपणच बोललो आणि विसरलो? त्या मिनिटात ती खुर्चीत बसून हाताच्या घड्याळाकडे पाहत होती, तिला पक्कं आठवत होतं. उष्म्यानं डोकं फिरलं? मग शेखरभाऊंचंही अमरावतीत बसल्या जागी फिरलं म्हणायचं.

खरं म्हणजे काळजात धस्स व्हायला हवं होतं. झालं नाही. तिनं ती फाईल सहा वेळा ऐकली आणि सहाव्या वेळी तिचे डोळे भरून आले. इतकं सुंदर काही या घरात याआधी झालं नव्हतं.

४

दुसऱ्या दिवशी तिनं पारख केली. कूलर बंद, पंखा बंद, फ्रिज बंद. लाल बल्ब लावला. वाक्यांचा कागद स्टँडवर ठेवला, ओढणी तोंडावरून घट्ट बांधली आणि एक हात गळ्यावर ठेवला, थरथर झालीच तर कळावी म्हणून. रेकॉर्डिंग चालू केलं आणि बसून राहिली.

कानांना काही ऐकू आलं नाही. गळाही हलला नाही. पण ऐकायला बसली तेव्हा कागदावरची सगळी वाक्यं फायलीत होती. ओळीनं, नीट, प्रत्येक वाक्याआधी तो मोठा सावकाश श्वास.

सांगा, अशा वेळी तुम्ही काय केलं असतं? गळ्यात गाठ, पुढं ऑपरेशन, हातात जन्माचं काम. अनीसानं फायलींना नंबर टाकले आणि पाठवून दिल्या. आठ दिवस हेच चाललं. रोज दुपारी ती आत जाऊन ओढणी बांधून बसायची आणि खोली बोलायची. तिचा गळा आराम करत होता, आणि शेखरभाऊंच्या व्हॉइस नोटा लांबत चालल्या होत्या. "कंपनीवाले विचारून राह्यले, ही बाई कोण आहे म्हणून. बाप्पा बाप्पा, काय सांगू मी त्यायले?"

एका संध्याकाळी गाद्यांच्या शिवणीवरून हात फिरवत तिनं अम्मीला खुणेनं विचारलं, हा कापूस कुठला?

खुर्शीदबी म्हणाल्या, "तुह्या अब्बाचा एक कायदा होता. एका घरचा कापूस दुसऱ्या घरच्या गादीत जाऊ द्याचा नाई. जुनी गादी पिंजाले आली का जिची तिले परत. लोकं त्यावर जन्मतात, मरतात, म्हणायचे. पण कितीक लोकं गाद्या टाकून जायचे आन परत यायचेच नाई. तो बेवारस कापूस त्यांनी चाळीस वर्षं कोपऱ्यात ठेवला. तुह्या खोलीले मात्र सगळा एका जागी भरला. मी म्हटलं, अहो, हे काय करून राह्यले? तर म्हणे, पोरीचा आवाज बाहेर नाई गेला पाह्यजे."

अनीसाचा हात शिवणीवरच थांबला. गादी दिवसभराच्या उन्हानं कोमट झाली होती. माणसाच्या पाठीसारखी कोमट.

शेवटी मरणाचे आवाज उरले. चाळीस. ती नेहमीसारखी बसली, आणि नंतर हेडफोन लावून ऐकायला लागली. पहिली किंकाळी तिची नव्हती. कुणा म्हातारीची होती, फार हळू, "माय वो" इतकीच. दुसरी एका बाईची होती, तिच्यामागं रडणारं तान्हं बाळ. तिसरा पुरुष. मरणाचं नाटक कसं करतात ते तिला इतर कुणाहूनही चांगलं माहीत होतं, आणि या आवाजांत नाटक नव्हतं. एकोणचाळिसाव्या आवाजाआधी खोकला आला. कोरडा, दोन ठसक्यांचा, कापसाची धूळ छातीत गेलेल्या माणसाचा. तो खोकला तिनं जन्मभर भिंतीपलीकडून ऐकला होता.

अब्बा या खोलीत वारले नव्हते. ते सरकारी दवाखान्यात गेले, आणि त्या वेळी ती त्यांच्याजवळ नव्हती. ती याच खोलीत लाल बल्ब लावून मरत होती. घरच्यांनी निरोप दाराबाहेर थोपवून धरला होता, बल्ब विझेपर्यंत.

तो एकोणचाळिसावा आवाज तिनं ऐकला. पूर्ण ऐकला. डोकं गादीला टेकवून ऐकला, आणि संपल्यावरही हेडफोन काढले नाहीत. जे राहून गेलं होतं ते तिला मिळालं होतं, आणि त्यासाठी कुणाचे आभार मानायचे ते तिला कळेना.

मग तिनं चाळीसही फायली पुसून टाकल्या. ओढणी सोडली, उभी राहिली, आणि चाळीस मरणं स्वतःच्या गळ्यानं मेली. डॉक्टरीणबाईंचं बोलणं तिला आठवत होतं. शेवटच्या किंकाळीत गळ्यात काहीतरी तुटल्यासारखं झालं आणि तोंडाला रक्ताची चव आली. तरी तिनं त्या फायलींना नंबर टाकले, आणि या वेळी ते दोनदा तपासले.

शेखरभाऊंची नोट आली. "हे ठीक आहे. पण त्या बोलण्यातली गोष्ट नाई वो यात."

५

अमरावतीला ऑपरेशन झालं. गाठ साधी निघाली, जिवाला धोका नव्हता. पंधरा दिवस मौन. सोळाव्या दिवशी डॉक्टरांनी सांगितलं, "हं, म्हणा, आ."

अनीसानं तोंड उघडलं. नुसती हवा आली.

"थांबू थोडं," डॉक्टर म्हणाले. पण त्यांनी तिच्याकडे न पाहता फाईल मिटली.

अकोल्याला परतल्यावर खुर्शीदबींनी काही विचारलं नाही. ताटलीवरची टकटक ऐकली की त्या नुसत्या "हो" म्हणायच्या. पण एकदा जेवताना त्यांचा घास हातातच राहिला. "मले आता आठवतच नाई बेटा," त्या म्हणाल्या, "तू हाक कशी मारायची ते. झोपताना आठवून पाह्यतो, तर नाई येत." आणि त्या लेकीसमोर ओक्साबोक्शी रडल्या.

मेच्या अखेरीस शेखरभाऊंचा फोन आला. आईनं स्पीकर लावून दिला. "अनीसा, एक वाक्य बदललं त्यायनं. शेवटचं. खेळणारा जिंकते तवाचं. 'आता तू जा. मी इथंच आहे.' एवढंच. होईन का वो तुह्याच्यानं? नाई तर सांग, माह्यी काई जबरदस्ती नाई."

अनीसानं ताटलीवर एकदा टकटक केलं. एक म्हणजे हो.

महिनाभरात पहिल्यांदाच ती खोलीसमोर उभी राहिली. दुपारचे दोन. कूलर बंद, पंखा बंद, फ्रिज बंद. खुर्शीदबी सुपारी कातरत बसल्या होत्या, पण "जाय, मर" म्हणाल्या नाहीत. अनीसानं लाल बल्ब लावला आणि दार आतून लोटून घेतलं. त्या दाराला आतून कडी नव्हती. कधी गरजच पडली नव्हती.

या वेळी तिनं ओढणी बांधली नाही. ती माइकसमोर उभी राहिली आणि तोंड उघडलं. खोलीनं बोलावं म्हणून नाही. आपल्याच गळ्यातून काही येतं का, ते एकदा इथं पाहायचं होतं, जिथं कुणी ऐकणार नाही तिथं.

आणि आवाज आला.

हेडफोनमधून नाही, नंतर ऐकताना नाही. तेव्हाच, तिथंच, हवेत. "आता तू जा." तिच्या उघड्या तोंडातून, तिच्या ओठांच्या हालचालीवर, विहिरीच्या तळाचा तो भरदार आवाज. तिनं गळ्यावर हात ठेवला. गळा गप्प होता. "मी इथंच आहे." भिंतींकडे तिचं लक्ष गेलं. चारही भिंतींच्या गाद्या हळूच फुगल्या, थांबल्या आणि हळूच बसल्या. छताचीही तशीच. ती एका छातीच्या आत उभी होती. भीती वाटायच्या आधी तिला इतकं मोठं काहीतरी वाटलं की नमाजाला टेकवावं तसं डोकं खाली टेकवावंसं वाटलं. इतके सगळे लोक. इतकी वर्षं. आणि सगळ्यांनी मिळून तिचा आवाज सांभाळून ठेवला होता.

वाक्य संपलं. अनीसानं तोंड मिटलं.

भिंती पुन्हा फुगल्या. तो मोठा सावकाश श्वास तिनं पहिल्यांदाच उघड्या कानांनी ऐकला. कागदावर पुढं काही नव्हतं. तिचे ओठ घट्ट मिटलेले होते, तिनं ते हातानं चाचपून पाहिले.

"अम्मीऽ"

गल्लीच्या तोंडापासून मारायची तशी हाक. लाडाची, घाईची, अगदी लहानपणची. इतक्या वर्षांत त्या खोलीतून बाहेर कधी हूं की चूं गेलं नव्हतं.

बाहेर अडकित्ता फरशीवर पडल्याचा आवाज झाला.

"हो बेटा!" खुर्शीदबींचा आवाज आनंदानं फाटला होता. "हो बेटा, आली! आली मी!"

चपला न घालता धावणारी पावलं ऐकू आली. अनीसानं दाराकडे झेप घेतली, कडी चाचपली, मग आठवलं, आतून कडी नाही. बल्ब लागलेला आहे अम्मी, बल्ब पाह्य, ती ओरडली. हवेशिवाय काही निघालं नाही. तिनं दाराला पाठ लावली, पाय फरशीत रोवले. पाठीमागची गादी कोमट होती, आणि तिला आत ओढत होती.

"अम्मीऽ," तिच्या डोक्यावरून, चारी बाजूंनी तिचाच आवाज म्हणाला, "ये ना."

"आली रे माह्या राजा," खुर्शीदबी म्हणाल्या आणि दार ढकललं.